देशी बुद्धिबळ शिकलेल्या मुलीला स्पर्धेसाठी तयार करताना

ताई, तुमचा प्रश्न थोडक्यात असा. नऊ वर्षांची मुलगी चोपड्याला आजोबांजवळ कापडी पटावर बुद्धिबळ शिकली. गल्लीत ती कुणाला हरत नाही. जळगावच्या शालेय स्पर्धेत मात्र पहिल्याच डावात तिनं राजा घोड्याच्या चालीनं उडवला आणि पंचांनी खेळी बेकायदा ठरवली. दुसऱ्या डावात समोर एकटा राजा उरला, तेव्हा डाव संपला असं समजून तिनं बरोबरीसाठी हात पुढे केला. तिसऱ्यात समोरच्या मुलानं तिचं प्यादं ‘बाजूनं’ मारलं आणि पंच म्हणाले, बरोबर आहे. पोर रडत घरी आली आणि बाबा, म्हणजे तुमचे सासरे, म्हणाले, मीच तिला चुकीचं शिकवलं. आता तुम्हाला कळेना की बाबांचा खेळ चुकीचा का, तो आला कुठून आणि पोरीला नव्यानं शिकवायचं कसं.

बाबांना आधी हे सांगा की त्यांनी शिकवलं ते देशी बुद्धिबळ आहे. त्याचे नियम वेगळे आहेत, पक्के आहेत आणि स्पर्धेतल्या काही नियमांपेक्षा जुने आहेत. पोरीचं चुकलं ते एवढंच की एका खेळाचे नियम ती दुसऱ्या खेळात घेऊन गेली, आणि फरक तिला कुणी सांगितला नव्हता. हे दुरुस्त करायला महिना-दीड महिना पुरतो. उलट बाबांच्या नियमांचा आधार घेतला तर नवे नियम जास्त पक्के बसतात. ते कसं, हे खाली सांगतो.

थोडा इतिहास लागेल, कारण तिन्ही चुकांची मुळं त्यात आहेत. चतुरंग हा खेळ भारतातला. सातव्या शतकात बाणभट्टाच्या हर्षचरितात त्याचा उल्लेख येतो. बाराव्या शतकात कल्याणीच्या चालुक्यांपैकी सोमेश्वर तिसरा यानं मानसोल्लासात त्याचं वर्णन केलं. सतराव्या शतकात नीलकंठ भट्टांच्या नीतिमयूखात तो पुन्हा भेटतो, आणि हे भट्ट घराणं मूळचं आपल्या पैठणचं, पुढे काशीला गेलेलं. मधल्या काळात चतुरंग इराणात गेला, तिथं चत्रंग आणि अरबांकडे शत्रंज झाला, आणि त्या भाषांतले शब्द घेऊन परत आपल्याकडे आला. शह म्हणजे शाह, राजा. मात म्हणजे हतबल. वजीर, प्यादं हे शब्दही तिकडचेच. खानदेशावर १३८२ पासून १६०१ पर्यंत फारुकींचं राज्य होतं, आधी थाळनेरला आणि मग बुऱ्हाणपूरला राजधानी. आपल्या बोलीत फारशी शब्द इतके मुरलेत की शह-काटशह हे शब्द निवडणुकीच्या बातमीत वाचताना ते पटावरचे आहेत हेही कुणाला आठवत नाही. काटशह म्हणजे शह मोडता मोडता समोरच्या राजाला आपणच शह देणं. पोरीला हा अर्थ पटावर करून दाखवा, फार आवडेल.

युरोपात पंधराव्या शतकाच्या अखेरीस खेळ झपाट्यानं बदलला. तोवर वजीर तिरपं एकच घर चालत असे, तो सगळ्या दिशांनी पटभर धावू लागला. प्यादं तर त्याच्या बरंच आधीपासून पहिल्या खेळीला दोन घरं जाऊ लागलं होतं, म्हणजे डाव लवकर रंगात यावा. तिथल्या राजालाही त्या आधी एकदा उडी मारायची सवलत असे. त्याच उडीतून, हत्तीची चाल तिला जोडत जोडत, किल्लेकोट, म्हणजे राजा आणि हत्ती एकाच खेळीत हलवायचं कॅसलिंग, तयार झाला. आपल्याकडे देशी खेळानं धावता वजीर घेतला, पण प्यादं एकच घर चालत राहिलं आणि राजाची उडी घोड्याचीच राहिली. म्हणजे पोरीनं मारलेली उडी आणि समोरच्यानं केलेला किल्लेकोट हे भाऊ-भाऊ आहेत. बाबांना हे कळलं तर त्यांच्या मनावरचं अर्धं ओझं उतरेल.

देशी नियमांत गावोगाव थोडा फरक असतो, पण मुख्य गोष्टी सारख्या. पट कापडाचा, बहुधा एकरंगी, नुसत्या रेघा असलेला. अनेक गावांत राजा प्रत्येकाच्या उजव्या हाताला मांडतात, त्यामुळे आपल्या राजासमोर समोरच्याचा वजीर येतो. प्यादं एक घर. शह बसला नसेल तोवर राजाला एकदाच घोड्याची उडी. प्यादं शेवटच्या घरात पोचलं की त्या उभ्या ओळीचा मोहरा होतं: कोपऱ्यात हत्ती, त्याच्या शेजारी घोडा, मग उंट, मधल्या दोन ओळींत वजीर. समोरचे सगळे मोहरे मारून फक्त राजा उरवला तर ती बुर्जी, तिला पूर्ण जीत मानत नाहीत. म्हणून जाणता खेळाडू समोरचं एखादं प्यादं मुद्दाम जिवंत ठेवतो. आणि प्याद्यानं केलेली मात सगळ्यांत मानाची.

आता दोन डाव शेजारी ठेवा. पोरीनं हात पुढे केला तो याच बुर्जीमुळे. तिच्याकडे हत्ती होता, समोर नुसता राजा, आणि तिच्या हिशेबानं जीत निसटली होती. स्पर्धेच्या नियमात तो डाव सरळ तिचा होता. मात करायला फार तर पंधरा-वीस खेळ्या लागल्या असत्या. पहिला धडा म्हणून हाच घ्या: एकटा राजा विरुद्ध राजा-वजीर आणि एकटा राजा विरुद्ध राजा-हत्ती. हत्तीनं मात करायची पद्धत अशी. हत्तीनं एक आडवी ओळ अडवायची, म्हणजे समोरचा राजा ती ओलांडू शकत नाही. मग आपला राजा चालत चालत त्याच्या समोर आणायचा, मध्ये एक घर मोकळं. दोन्ही राजे समोरासमोर आले आणि चाल आपली असेल तर हत्तीचा शह. राजा एक ओळ मागे जातो. पुन्हा तसंच, शेवटच्या ओळीपर्यंत. राजे समोरासमोर नसताना घाईनं शह दिला तर राजा बाजूला सरकून पुढे निसटतो आणि मेहनत वाया जाते. मुलं अडकतात ती इथंच. चाल समोरच्यावर ढकलायची असेल तर हत्ती त्याच ओळीत एक घर सरकवून वाट पाहायची. प्यादं न हलवता आणि काही न मारता दोघांच्या पन्नास-पन्नास खेळ्या झाल्या तर समोरचा बरोबरी मागू शकतो, म्हणून हे घोळत बसून चालत नाही. बाबांना समोर एकटा राजा घेऊन बसवा. पळता राजा त्यांच्याइतका चिवटपणे दुसरं कुणी खेळवणार नाही.

वजिराच्या मातीत धोका वेगळा, आणि तोही देशी सवयीतून येतो. राजाला शह नाही पण हलायला एकही घर नाही, अशी कोंडी बऱ्याच गावांत चालत नाही, खेळी मागे घ्यायला लावतात. स्पर्धेत ती थेट बरोबरी. पटावर मांडून दाखवा (घरांची नावं अशी: पांढऱ्याच्या बाजूनं पाहिलं तर उभ्या ओळी डावीकडून उजवीकडे ए ते एच, आडव्या खालून वर १ ते ८): काळा एकटा राजा एच८ या कोपऱ्यात, पांढरा वजीर जी६ वर. जी८, जी७, एच७ ही तिन्ही घरं वजिराच्या माऱ्यात आणि राजाला शह नाही. संपला डाव, अर्धा-अर्धा गुण. लक्षात ठेवायची खूण सोपी आहे: कोपऱ्यातल्या एकट्या राजापासून घोड्याच्या उडीइतक्या अंतरावर वजीर ठेवायचा नाही. वजीर दूर ठेवून राजाला कडेच्या ओळीत डांबा, आपला राजा जवळ आणा, मग मात.

बाजूनं मारलेलं प्यादं, म्हणजे एन पासाँ. हा नियम शहरातल्या मुलांनाही नीट कळत नाही, नुसता पाठ असतो. तुमच्या पोरीला तो एका मिनिटात कळेल, कारण तिला बाबांचा खेळ येतो. पांढरं प्यादं ई५ वर आहे. काळ्यानं डी७ चं प्यादं दोन घरं चालवून डी५ वर, पांढऱ्याच्या शेजारी, आणलं. आता तिला विचारा: आजोबांच्या पटावर हे प्यादं कुठं थांबलं असतं? ती म्हणेल डी६. आणि तिथं त्याचं काय झालं असतं? पांढऱ्या प्याद्यानं तिरपं मारलं असतं. नवा नियम एवढंच सांगतो की दोन घरांच्या सवलतीचा फायदा घेऊन तो मार चुकवता येणार नाही. ई५ चं प्यादं डी६ वर जातं आणि डी५ चं उचललं जातं. फक्त लगेचच्या खेळीत. एक खेळी मध्ये गेली की हक्क गेला.

किल्लेकोटाबाबत देशी मुलांची एक हमखास चूक होते. बाबांच्या नियमात राजाला एकदा शह बसला की उडी गेली, म्हणून पोर समजते की किल्लेकोटही गेला. तसं नाही. शह चालू असताना करता येत नाही, पण राजा न हलवता मध्ये मोहरा घालून शह मोडला असेल तर पुढे करता येतो. अटी अशा: राजा आणि तो हत्ती दोघंही डावात एकदाही हललेले नसावेत, मधली घरं मोकळी असावीत, राजा आत्ता शहात नसावा, तो ज्या घरावरून जाणार आणि जिथं बसणार ती घरं समोरच्याच्या माऱ्यात नसावीत. हत्तीवर मारा असला तरी चालतं. हात लावताना आधी राजा दोन घरं, मग त्याच हातानं हत्ती. आधी हत्तीला हात लागला तर पंच त्या बाजूचा किल्लेकोट करू देत नाहीत, हत्तीच खेळावा लागतो.

प्यादं बढती घेतं तेव्हा आता ओळीचा प्रश्न नाही. कुठल्याही ओळीत वजीर, हत्ती, उंट, घोडा, हवा तो मोहरा घेता येतो, पटावर आधीचा वजीर असला तरी दुसरा. सवयीनं घोड्याच्या ओळीत घोडाच मांडणारी मुलं असतात आणि जिंकलेला डाव घालवतात. प्यादं शेवटच्या घरात ढकलून, मोहरा न बदलता घड्याळ दाबलं तर ती बेकायदा खेळी ठरते. हत्ती उलटा ठेवून त्याला वजीर म्हणायची आपल्याकडची पद्धत चालत नाही, उलटा हत्ती हत्तीच धरला जातो. जवळ वजीर नसेल तर घड्याळ थांबवून पंचांकडे मागायचा. तो तिचा हक्क आहे, घाबरायचं नाही.

बेकायदा खेळीची किंमतही सांगून ठेवा. लांब वेळेच्या डावात पहिल्या वेळी समोरच्याला दोन मिनिटं जादा मिळतात, रॅपिडमध्ये, म्हणजे कमी वेळेच्या डावातही तेवढीच. त्याच डावात दुसऱ्यांदा झाली की डाव गेला. खेळी चुकीची म्हणजे घड्याळ दाबल्यावर. दाबण्याआधी लक्षात आलं तर सुधारता येते, पण हात लावलेलाच मोहरा खेळावा लागतो. पारावर खेळी परत घेणं, शेजारच्यानं ‘अरे उंट बिनजोर हाये’, म्हणजे त्याला आधार नाही, असं सुचवणं, मोठ्यानं शह म्हणणं, हे सगळं खेळाचाच भाग असतं. स्पर्धेत शह बोलायची गरज नाही, आणि बाहेरच्यानं सुचवलं तर तो गुन्हा आहे. मोहरा फक्त घराच्या मध्यावर नीट ठेवायचा असेल तर आधी ‘ठीक करते’ म्हणायचं, मग हात लावायचा. घरी पंधरा दिवस ‘हात लागला की खेळायचं’ हा एकच नियम कडक पाळा. बाबांनीही पाळायचा.

देशी सवय सुरुवातीच्या खेळ्यांत सगळ्यांत जास्त मार खाते. एक-एक घर चालणाऱ्या प्याद्यांच्या खेळात पहिल्या दहा-बारा खेळ्या आपली घडी बसवण्यात जातात. काही ठिकाणी तर दोघंही आपापल्या अर्ध्या पटात आधीच तीन-चार खेळ्या एकदम करून घेतात. स्पर्धेत समोरचा मुलगा दुसऱ्याच खेळीला वजीर बाहेर काढतो. नेमकं काय होतं ते बघा. पांढऱ्याचं प्यादं ई४ वर, तुमच्या मुलीचं ई५ वर. पांढऱ्याचा वजीर एच५ वर. देशी खेळलेला हात आपोआप प्यादं जी६ वर ढकलून वजिराला हुसकतो, कारण ती घडी त्याच्या अंगवळणी पडलेली असते. इथं ती घातक आहे: वजीर ई५ चं प्यादं मारून राजाला शह देतो आणि त्याच वेळी जी७ मोकळं झाल्यामुळे एच८ चा हत्ती त्याच्या माऱ्यात येतो. म्हणून आधी घोडा सी६, ई५ ला जोर. पांढरा उंट सी४ वर आणून एफ७ वर मातीची धमकी देईल. आता प्यादं जी६, वजीर एफ३ वर गेला की दुसरा घोडा एफ६. धमकी संपली, आणि तिचे दोन्ही घोडे बाहेर आलेले असताना समोरचा वजीर मात्र पळतो आहे. हा क्रम रोज पाच वेळा मांडा. जळगाव काय नि भुसावळ काय, लहान गटात पहिल्या-दुसऱ्या फेरीत कुणीतरी हेच खेळतं.

पण त्या जी६ ला कमी लेखू नका. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यात कोलकात्यात महेशचंद्र बॅनर्जी हे देशी नियमांत वाढलेले खेळाडू जॉन कॉक्रन या स्कॉटिश खेळाडूशी डाव खेळत. प्यादी एक-एक घर सरकवून उंट कोपऱ्याकडच्या लांब तिरप्या ओळीवर ठेवायची त्यांची रचना युरोपला विचित्र वाटली. आज जगभर ‘इंडियन डिफेन्स’ म्हणून ज्या रचना शिकवल्या जातात, त्यांना ते नाव त्या डावांवरून पडलं. पोर जरा मोठी झाली, बारा-तेराची, की त्या रचना तिला शिकवा. तिचा हात त्यांना तयारच असेल.

दुसरं नाव बाबांना नक्की सांगा: मीर सुलतान खान. पंजाबातला माणूस, सर उमर हयात खान यांच्या पदरी. देशी नियमांवर वाढलेला, १९२९ साली लंडनला गेला आणि त्याच वर्षी ब्रिटिश अजिंक्यपद जिंकला. १९३२ आणि १९३३ ला पुन्हा. हेस्टिंग्जला १९३०-३१ च्या स्पर्धेत त्यानं माजी जगज्जेता कापाब्लांका याला हरवलं. सुरुवातीच्या खेळ्यांत तो कच्चा पडे आणि डावाच्या शेवटात भल्याभल्यांना भारी पडे. देशी खेळाचं बळ आणि उणीव दोन्ही एकाच माणसात इतकी स्वच्छ दुसरीकडे दिसत नाहीत. २०२४ साली फिडेनं, म्हणजे जागतिक बुद्धिबळ महासंघानं, त्याला मरणोत्तर मानद ग्रँडमास्टर केलं. तुमच्या पोरीचं दुखणं तेच आहे आणि तिची ताकदही तिथंच. प्याद्याच्या मातीसाठी झुरणाऱ्या आजोबांपुढे जी मुलगी बसली, तिला प्याद्यांचा शेवट नवी पुस्तकं वाचणाऱ्या मुलांपेक्षा लवकर कळतो.

मुलगी आहे म्हणून थोडं वेगळं सांगायचंय. आपल्याकडे पारावरचा पट पुरुषांचाच. आखाजीला, म्हणजे अक्षय तृतीयेला, बाया झोक्यावर आणि माणसं पत्त्यांच्या डावावर, ही वाटणी तुम्हाला ठाऊक आहे. बाबांनी नातीला पटासमोर बसवलं ही मोठी गोष्ट केली. महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा १९७४ साली बेंगळुरूला झाली आणि मुंबईच्या वासंती खाडिलकर जिंकल्या. त्यांच्या बहिणी जयश्री आणि रोहिणी पाठोपाठ आल्या, आणि रोहिणी पाच वेळा राष्ट्रीय विजेत्या झाल्या. १९७६ ला रोहिणी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरल्या तेव्हा विरोध झाला, प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेलं, आणि तेव्हाचे फिडेचे अध्यक्ष मॅक्स युवे यांनी निर्णय दिला की महिलांना अशा स्पर्धेतून वगळता येणार नाही. म्हणून आज तुमची मुलगी खुल्या गटात नाव देऊ शकते, आणि द्यावं असं माझं स्पष्ट मत आहे. मुलींच्या गटात बक्षीस लवकर मिळतं, पण खुल्या गटात डाव जास्त कठीण मिळतात आणि शिकणं तिथं होतं. २०२५ च्या जुलैमध्ये नागपूरची दिव्या देशमुख बातुमीला महिला विश्वचषक जिंकून ग्रँडमास्टर झाली. २०२४ ला बुडापेस्टच्या ऑलिंपियाडमध्ये भारतानं दोन्ही गटांत सुवर्ण घेतलं, त्यात खुल्या संघात नाशिकचा विदित गुजराथी होता. नाशिक काही दूर नाही.

सामानाचं. गुंडाळता येणारा रेक्झिनचा पट, घर पाच ते सहा सेंटिमीटर, राजा साडेनऊ सेंटिमीटरच्या आसपास. मांडताना उजव्या हाताचं खालचं कोपऱ्यातलं घर पांढरं, वजीर आपल्या रंगाच्या घरात. मग राजासमोर राजा येतो, हा फरक पहिल्या दिवशीच दाखवा. मानांकनाची घाई नको. स्विस पद्धतीत हरलं तरी बाहेर पडत नाही, सगळ्या फेऱ्या खेळायला मिळतात. तेवढं पुरे आहे यंदा.

दोन्ही खेळ चालू ठेवा, पण पट वेगळे. कापडी पटावर फक्त देशी, रेक्झिनच्या पटावर फक्त स्पर्धेचे नियम, आणि एका बैठकीत दोन्ही नको. मुलांचा हात पट ओळखतो. आठवड्यात पाच दिवस नवा, दोन दिवस बाबांचा. स्पर्धा जवळ आली की आधीचे आठ दिवस कापडी पट घडी घालून ठेवा.

आणि खेळ्या लिहायला आजच लावा. लांब वेळेच्या डावात प्रत्येक खेळी कागदावर लिहावीच लागते, खेळून झाल्यावर. रॅपिडमध्ये सक्ती नाही, तरी तिनं निदान पहिल्या पंधरा लिहाव्या. स्पर्धेच्या दिवशी बाबांना आत बसू देणार नाहीत, बाहेर थांबावं लागेल. संध्याकाळी घरी तोच कागद घेऊन दोघांनी डाव रेक्झिनच्या पटावर पुन्हा मांडायचा. त्यासाठी बाबांना घरांची नावं यायला हवीत. ती अंगवळणी पडावीत म्हणून त्यांच्या कापडी पटाच्या कडेला दोऱ्यानं अक्षरं आणि आकडे शिवून द्या, खाली डावीकडून उजवीकडे ए ते एच, आणि बाजूला खालून वर १ ते ८.